शेजारनीचा डबा

आमच्या बार्शीटाकळीत शेजारनीचा डबा कोनी रिकामा परत करत नाई. काईच नसलं त चिमूटभर साखर तरी टाकतेत. पन सत्यवतीकडून माहा डबा रोज घासूनपुसून, रिकामाच येऊन राहिला होता.

कापसाच्या जिनिंगले आग लागली, तिथं कामावर असलेला तिचा नवरा गोवर्धन गेला, तवापासून तिनं चूल काय अन् गॅस काय, काईच पेटोलं नाई. काडीपेटी दिसली का उठून दूर जाये. मंग आमी बायाच बारीबारीनं डबे देत होतो. वांग्याची भाजी त इतकी गेली, का वांग्यालेच लाज वाटली असन! पन डबा रिकामा आला का मी तो हातात घेऊन दारातच उभी राहो. हे बाई चुलीपाशी परत बसन, का कदी बसनच नाई?

गोवर्धन होता तवा साऱ्या मोहल्ल्याच्या पंगतीचे रोडगे, गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजाचे कनकीचे गोये, तोच भाजे. यंदा माहे मालक महादेवराव छाती फुगवून म्हने, "मी भाजतो." गोवऱ्या अजून धडधड पेटल्याच होत्या, अन् यायनं रोडगे टाकले! वरून कोयसा, आतून कच्चं पीठ. पन अशा टायमाले बोलन कोन? सारे मान खाली घालून चावत होते. "मस्त झाले, मस्त झाले."

सत्यवतीनं एक घास घेतला अन् थुकला.

"हे रोडगे होय, का रस्त्याची गिट्टी? जाळ बसू द्या, निखाऱ्याचा लाल आर झाला का मंग टाका, हे तो जिंदगीभर सांगत राहिला! कानात कापूस कोंबला होता काय भाऊजी?"

म्या तोंडाले पदर लावला, पन हसू काई आवरेना. मंग सारी पंगतच हसली. सत्यवतीही हसली, अन् हसता हसता धाय मोकलून रडली. आमीही रडलो. मंग डोये पुसून ते उठली अन् आरापाशी जाऊन बसली. उरलेले रोडगे तिनंच आरात लोटले.

दुसऱ्या दिवशी माहा डबा आला. हातात घेतला त जड लागला. उघडला, त गरमागरम बेसन, पिठलं! तिच्या घरचं, तिच्या हातचं. माहे डोये भरून आले. एक घास खाल्ला अन् दारातूनच बोंबलली, "सत्यवते, मीठ किती टाकलं व माय?"

"त नोको खाऊ, बाई!" तिकडून फटकन आवाज आला, पयल्यासारखा.

तवा कुठं माहा जीव भांड्यात पडला.