नाव वाळेपर्यंत

मित्रांनो, भिवंडीजवळ राहनाळच्या शेवटच्या गोदामामागे, फाटक्या ताडपत्रीखाली एक पांढरी गाडी उभी आहे. टायर बसलेले, काचांवर धुळीचा थर, आणि त्या धुळीत तुमच्यासारख्या पोरांनी बोटांनी काढलेली चित्रं. ती मी. मी एक जुनी रुग्णवाहिका आहे. खरं तर वयाने मी एवढी जुनी नाही. माझ्याबरोबर तयार झालेल्या गाड्या कुठे कुठे अजून धावत असतील. मला माणसांनी लवकर म्हातारं केलं.

पुण्याजवळच्या एका कारखान्यातून मी बाहेर पडले तेव्हा नुसती पत्र्याची व्हॅन होते. मग एका वर्कशॉपमध्ये माझ्या पोटात स्ट्रेचर बसवलं, प्राणवायूच्या नळकांड्यासाठी कडी केली, नातेवाइकांना टेकायला बाकडं ठोकलं आणि डोक्यावर दिवा नि सायरन चढवला. माझ्या शेजारी एक गाडी पावाच्या लाद्या पोचवण्यासाठी तयार होत होती. मी तिच्याकडे जरा तोऱ्यातच बघायची. माणसांचे जीव वाचवणारी गाडी म्हणजे काय लहानसहान गोष्ट आहे? आज ती पाववाली गाडी माझ्यापेक्षा सुखी असणार, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

दोन हजार साल नुकतंच लागलं होतं. दिल्लीत तेव्हा संस्कार, परंपरा आणि शिस्त यांची भाषा करणाऱ्या पक्षाचं सरकार होतं. आमच्या भागातले एक साहेब त्या सरकारात राज्यमंत्री होते, म्हणजे मोठ्या मंत्र्याच्या हाताखालचे मंत्री. त्यांच्या निधीतून मी भिवंडीला आले. साहेबांचं नाव मी सांगणार नाही. इतकी वर्षं ते अंगावर वागवलं की आता तोंडाने घ्यायचाही वीट आला आहे.

माझा कारभार होता भाऊंकडे. भाऊ राहनाळचे. त्यांच्या वडिलांच्या भातशेतीवर आता गोदामांच्या रांगा उभ्या होत्या, आणि साहेबांच्या पक्षाचं इथलं पानही त्यांच्याशिवाय हलत नसे. मला चालवायला त्यांनी नामाला ठेवलं. नामा आतल्या खेड्यातला, कमी बोलणारा. रोज सकाळी तो स्ट्रेचर पुसायचा, कडी ओढून बघायचा, मगच चहाला जायचा. मला तो फार आवडायचा.

पहिल्याच आठवड्यात मला भिवंडीतल्याच निजामपुऱ्यात शमीम पेंटरच्या दुकानी नेलं. लूमच्या, म्हणजे यंत्रमागांच्या खडखडाटात, अरुंद गल्लीत त्याचं दुकान. शमीमने माझ्या दोन्ही बाजूंवर साहेबांचं नाव हातभर उंचीच्या अक्षरांत काढलं. त्याखाली त्यांचं खातं. त्याखाली भाऊंचं नाव. ‘रुग्णवाहिका’ हा शब्द राहिलाच होता, तो त्याने मागच्या चाकाच्या वर जागा सापडली तिथे कोंबला.

तरी कामाची ती वर्षं चांगली गेली, खोटं का बोलू? पट्ट्यात हात सापडलेले लूमचे कारागीर मी नेले. सापाने चावलेले शेतकरी नेले. एकदा एका बाईचं बाळंतपण कशेळीच्या पुलाच्या तोंडाशी माझ्याच पोटात झालं. नामा बाहेर पाठ करून उभा होता आणि हात जोडून काहीतरी पुटपुटत होता. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात फोटो आला. फोटोत बाळ नव्हतं, बाळाची आई नव्हती. माझ्या दाराला हात लावून भाऊ उभे होते.

आता माझ्या दुखण्याचं मूळ सांगते. साहेबांचं खातं काही स्थिर नव्हतं. मी आले तेव्हा जहाजबांधणी होती. वर्षभरात दिल्लीत फेरबदल झाला आणि कामगार खातं आलं. पुन्हा फेरबदल, आणि वस्त्रोद्योग! त्या दिवशी भिवंडीत फटाक्यांच्या माळा लागल्या, लूमवाले हार घेऊन भाऊंच्या दारात आले. पुढे लूमची वीज पूर्वीसारखीच जात राहिली, सुताचा भाव पूर्वीसारखाच चढत राहिला. बदललं ते माझ्या अंगावरचं खातं, एवढंच.

शेजारच्या तालुक्यात एका कार्यकर्त्याने स्वागताच्या कमानीवर साहेबांचं जुनंच खातं राहू दिलं होतं. साहेब गाडीतून खाली उतरलेच नाहीत, आणि त्या कार्यकर्त्याचं तिकीट गेलं ते गेलंच. भाऊंनी त्याचा धसका घेतला. त्यांना स्वतःला जिल्हा परिषदेचं तिकीट हवं होतं. म्हणून त्यांनी एक रिवाजच पाडला. दिल्लीतून बदलाची नुसती कुणकुण लागली की मला निजामपुऱ्यात न्यायचं, जुनं पुसायचं, नवं लिहायचं आणि रंग वाळेपर्यंत जागचं हलवायचं नाही.

वस्त्रोद्योगाच्या वेळी नामाने हा रिवाज मोडला. गल्लीतल्याच एका कारखान्यात कारागिराचा हात पट्ट्यात सापडला. नामाने विचार केला नाही, ओल्या रंगासकट मला काढलं. कारागिराचा हात वाचला, पण त्याला चढवताना कुणाची तरी पाठ घासली आणि साहेबांचं आडनाव फरफटलं. भाऊ संतापले.

“तुला कितींदा सांगितला, रंग वालूदे म्हणून?” ते ओरडले. “आन् ती चावी इकडं. आजपासून चावी माझ्याकडं.”

नामाने चावी काढून दिली. त्या दिवसापासून मला कुठे जायचं असलं की आधी भाऊंना शोधावं लागे.

मग दिल्लीत पक्षाचे अध्यक्ष बदलले. साहेब जुन्या अध्यक्षांचे माणूस. नव्या अध्यक्षांनी जुन्यांची माणसं वेचून बाहेर काढायला घेतली. कुणाचा राजीनामा झाला, कुणाला ‘संघटनेची मोठी जबाबदारी’ मिळाली, म्हणजे घरी बसवलं. साहेबांनीही राजीनामा दिल्याची बातमी आली. पण त्यांच्या बंगल्यावरून भाऊंना फोन आला की काळजी करू नका, साहेबांनी नव्या अध्यक्षांशी जुळवून घेतलं आहे, विस्तारात बढती मिळणार, राज्यमंत्र्याचे पुरे मंत्री होणार. भाऊंना स्वर्ग दोन बोटं उरला. त्यांनी लगेच माझ्या अंगावरचं सगळं पुसून घेतलं, आणि मी कोरीकरकरीत, बिननावाची, शमीमच्या दुकानासमोर उभी राहिले. नवं खातं कळेपर्यंत उभीच. तेवढ्या दिवसांत कुणी बोलवायला आलं की भाऊ म्हणत, गाडी दुरुस्तीला टाकली आहे.

शपथविधीच्या दिवशी दुपारी भाऊ स्वतः येऊन बसले. समोरच्या चहावाल्याकडे टीव्ही होता. शमीमने ब्रश धुऊन ठेवला होता, निळा रंग कालवला होता. नाव पुकारलं की लिहायला घ्यायचं आणि रविवारच्या सत्काराला मला कमानीखाली उभं करायचं, असं ठरलं होतं. टीव्हीवर एकेक जण येत होता, शपथ घेत होता, सही करून जात होता.

तेवढ्यात नामा धावत आला. त्याला धड बोलताही येत नव्हतं.

“भाऊ, चावी द्या. काशीवर थप्पी पडली.”

काशी म्हणजे नामाची धाकटी बहीण. दापोड्याच्या गोदामात कापडाच्या गाठींवर चिठ्ठ्या लावायचं काम करायची. कधी कधी भावासाठी भाकरी घेऊन यायची आणि माझ्या बाकड्यावर बसून पाय हलवत त्याची वाट बघायची. एकावर एक रचलेल्या गाठी तिच्या अंगावर कोसळल्या होत्या.

“गाठी काढल्या कं?” भाऊंनी विचारलं. त्यांची नजर टीव्हीवरच होती.

“काढल्या. जिती हाय. पन तिला दम घेता येत न्हाय, भाऊ. छातीत काय तरी मोडलंय.”

“मंग टेम्पोत घाला नि आना. दापोड्याला टेम्पो कमी हायत कं?”

“टेम्पोत हाडं हलतील तिची. झोपवून, नळी लावून आनाया पायजे. चावी द्या.”

“अरे, यादी चालूच हाय. आता साहेबांचा नाव येल. लिवायला कितीसा वेल लागतोय? बिननावाची गाडी आज गावातून फिरली, नि कोनी फोटो काढला, तं उद्या छापतील, साहेब गेले, गाडीवरून नाव पन गेला. जरा दम खा.”

शमीमने ब्रश खाली ठेवला. “भाऊ, चाबी दे दो. नाम का क्या है, शाम को लिख दूँगा.”

“तू तुजा काम कर,” भाऊ म्हणाले.

भाऊ दुष्ट होते असं मी म्हणणार नाही. काशीच्या लग्नात त्यांनी मांडव घालून दिला होता. त्यांना खरोखरच वाटत होतं की आता नाव येईल, मग सगळं सुरळीत होईल. पण मित्रांनो, दुष्ट नसलेल्या माणसाच्या खिशातही चावी अडकून राहते, आणि मला त्याचाच जास्त राग येतो. नामा त्यांच्या पायाशी बसला. आजवर मी त्याला कुणापुढे वाकताना पाहिलं नव्हतं. मी तिथेच उभी होते. टाकीत डिझेल होतं, नळकांडं भरलेलं होतं, आणि एका चावीवाचून मी जागची हलू शकत नव्हते.

टीव्हीवर शपथा चालूच राहिल्या. मग शेवटचा मंत्री सही करून गेला आणि सगळे राष्ट्रगीताला उभे राहिले. साहेबांचं नाव आलं नाही.

भाऊंनी खिशातून चावी काढली आणि नामाकडे न बघताच पुढे केली.

“घे. आता कुटं न्यायची तिकडं ने.”

नामाने मला असं पळवलं की माझी दारं खडखडत होती. दापोड्याला काशी गोदामाच्या दारात चटईवर होती. शुद्धीत होती. चौघांनी तिला उचलून माझ्यात झोपवलं, नामाने स्वतःच्या हाताने नळी लावली. “दादा, किती येळ लावलास रं?” असं ती म्हणाली. नामाने दारं लावून घेतली. सायरन लावून आम्ही निघालो. अंजूरफाट्याच्या पुढे, काशीसोबत बाकड्यावर बसून आलेल्या गोदामातल्या बाईने काचेवर हात आपटला. नामाने मागे वळून बघितलं, आणि थोडं पुढे गेल्यावर सायरन बंद केला.

मी कितीएक माणसं नेली. पण त्या दुपारनंतर सायरन वाजला की मला माझीच लाज वाटायची.

पुढे काय झालं विचाराल, तर दिल्लीत कुणाचं काहीच बिघडलं नाही. साहेब नव्या अध्यक्षांच्या गोटात सामील झाले आणि पक्षाचे कसलेसे उपाध्यक्ष झाले. दोन हजार चारच्या निवडणुकीत सरकार गेलं, तेव्हा नव्या अध्यक्षांनाही जावं लागलं, आणि साहेब तिसऱ्या अध्यक्षांच्या शेजारी हार घालून हसत उभे राहिले. नामाने नोकरी सोडली. नव्या ड्रायव्हरला माझ्या ब्रेकची सवय नव्हती. मी कोरीच फिरत होते, कारण उपाध्यक्षाचं नाव रुग्णवाहिकेवर शोभतं की नाही, हे भाऊंचं ठरत नव्हतं.

मात्र काशीच्या मरणाचा विषय गावात निघत होता, आणि भाऊंना अखेर जिल्हा परिषदेचं तिकीट मिळालं होतं. तेव्हा त्यांना एक युक्ती सुचली. मला पुन्हा निजामपुऱ्यात नेलं आणि शमीमकडून माझ्या अंगावर लिहून घेतलं: ‘कै. काशी हिच्या स्मरणार्थ’. त्याखाली, मोठ्या अक्षरांत, साहेबांचं नाव. त्याखाली भाऊंचं. भाऊंनी नामाला मुद्दाम बोलावून घेतलं, बघ, तुझ्या बहिणीचं नाव आता सगळीकडे फिरेल म्हणून.

नामा आला. त्याने सगळं वाचलं. गल्लीत पुष्कळ माणसं जमली होती. त्याने आरडाओरडा केला नाही. पुढे होऊन त्याने तळहाताने काशीचं नाव पुसलं. रंग ओला होता, लगेच निघाला. दोन्ही हात मनगटापर्यंत निळे झाले, तरी शेवटचा काना, शेवटची वेलांटी जाईपर्यंत तो थांबला नाही. साहेबांच्या आणि भाऊंच्या नावाला त्याने हातसुद्धा लावला नाही.

“तुमची नावं ऱ्हाऊद्या,” तो म्हणाला. “लोकांला दिसूद्या गाडी कोनाची हाय ती. त्या दिशी दिली असती तं हिचं नाव लिवाया लागलं नसतं.”

ती निवडणूक भाऊ हरले, आणि दोष माझ्यावर आला. मी अपशकुनी ठरले. मला गोदामामागे ढकललं आणि वर ताडपत्री टाकली. ती दोन नावं अजून माझ्या अंगावर आहेत. शमीमचा रंग पक्का, ऊन-पावसाला दाद देत नाही.

मित्रांनो, तुमच्या गावात नवी रुग्णवाहिका येईल. हार घालतील, नारळ फोडतील, फोटो काढतील. तुम्ही मोठे झाल्यावर त्या गर्दीत असाल, कदाचित पुढेही असाल. माझ्या टायरात हवा भरा, मला रंग द्या, असं मी तुम्हाला सांगत नाही. माझं आता संपलं. पण त्या नव्या गाडीवर कुणाचंही नाव लिहू देऊ नका. आणि कुणी लिहिलंच, तर रंग ओला असतानाच पुसा.