पुनवेच्या उधाणाची साक्ष

ठाण्याच्या कोर्टात जनी सकाळपासून बाकावर बसून होती. शेजारी लेक सगुणा, उजवा हात पदराखाली धरून. त्या हातावर वीतभर डाग होता. पाच वर्षं झाली, गेला नव्हता, जाणारही नव्हता. मोहने गावात दिलेली पोर. माहेरून फ्रिज येईना म्हणून नवरा रतन आणि सासू गंगुबाईने तापवलेला चिमटा लावला होता. आमटी उतू जाऊन भाजली, असं मायलेक वर तोंड करून सांगत होते. कल्याणच्या कोर्टाने दोघांना दोन वर्षं ठोठावली, त्यांनी ठाण्याला अपील केलं, आणि आज त्याचा निकाल होता. शिक्षा टिकली तर सगुणाला गावात मान वर करून फिरता येणार होतं. नाहीतर पोरगीच खोटी ठरणार होती.

जनीला मात्र या निकालाची धास्ती होती, आणि ती का, हे तिचं तिलाच ठाऊक. अहो, तिने काही पाहिलंच नव्हतं! ती कोपरच्या खाडीवरची कोळीण. चार दिवसांनी सगुणा हाताला फडकं गुंडाळून माहेरी आली, तेव्हा कुठे तिला कळलं. पोलिसांनी तिचा जबाब चार ओळींत गुंडाळला होता. पण कल्याणच्या कोर्टाची तारीख जवळ आली तसा शेजारचा दामाजी, नसत्या उठाठेवी करणारा मेला, तिच्या कानाला लागला.

"ऐकलेलं कोन धरतो, जनी? डोळ्याने बघितलं म्हन. पोरीसाठी एवढं नाय करनार?"

आईचं काळीजच ते. पिंजऱ्यात उभी राहून जनी बोलून गेली, की त्या दिवशी मासळी द्यायला लेकीकडे गेलेली, दारातून सगळं बघितलं.

मग आरोपींचे वकील उठले. गुरुदत्त नावाचे, डोंबिवलीचे, मोठे गोड बोलणारे. "मावशी, धंदा किती वर्षांचा?" त्यांनी विचारलं. "उधाणाला तुमची धांदल उडत असेल, नाही?"

तोवर त्या कोर्टात जनीला येतं असं कुणी काही विचारलंच नव्हतं. ती खुलली. "तीस वर्षांचा, साहेब. पुनवेला नि अवसेला होड्या भरून येतात. त्या दिवशी मी बंदर सोडत नाय. नवऱ्याच्या तेराव्याला पुनव आलेली, तरी बंदरावर होते." वकिलांनी मान डोलावली आणि खाली बसले. जनीला वाटलं, भला माणूस आहे.

कल्याणच्या जज्जसाहेबांनी त्या उत्तराकडे पाहिलंही नाही. ठाण्याच्या साहेबांनी पाहिलं. निकाल वाचून झाला, रतन आणि गंगुबाई हात जोडून बाहेर गेले, आणि सरकारी वकील नीलाताई बाकापाशी आल्या.

"सुटले दोघं," त्या म्हणाल्या. "डाग दिला ती तारीख पौर्णिमेची होती, जनीबाई. त्यांच्या वकिलांनी पंचांग दाखवलं. पुनवेला बंदर सोडत नाही म्हणालात, आणि त्याच दिवशी मोहन्याला होतात म्हणालात. सगुणाने तर त्या दोघांशिवाय घरात कुणी नव्हतं असं सांगितलेलं. साहेब म्हणतात, आईची साक्ष रचलेली, मग लेकही पढवलेली नसेल कशावरून?"

"आनि हात? तो बघितला नाय त्यांनी?"

"बघितला. पण कुणी भाजला, ते सिद्ध झालं नाही."

जनी उठून उभी राहिली. "मना आत टाका, ताई. खोटं मी बोलले, पोर नाय." नीलाताईंनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. पुढच्या खटल्याचा पुकारा झाला.

बाहेर पायरीवर जनी मटकन बसली. लेकीकडे बघायची तिची छाती होईना. शिव्या दे, दोन तडाखे मार, असं तिला म्हणायचं होतं. सगुणा तिच्याजवळ टेकली.

"आये," ती हळू म्हणाली, "त्या दिवशी मी दाराकडेच बघत होते. वाटलं, तू येशील. मग आठवलं, आज पुनव हाय, आये बंदरावर असेल."