ओब्दुलियाबाईंचं नाव आणि माझ्या पोटातलं गाढव

मी टोपली बोलतेय. नाक मुरडू नका, भाजीची नव्हे, सिनेमाची! अंग वेताचं, आतून पांढऱ्या कापडाचं अस्तर आणि वर खिळे ठोकलेली आडवी पट्टी. कापलेल्या फिल्मची टोकं त्या खिळ्यांना लटकायची, शेपट्या माझ्या पोटात. माद्रिदच्या एका स्टुडिओच्या तळघरात मी तीस-पस्तीस सिनेमे चाखले, पण पुरता एकही पाहिला नाही. म्हणून माझं शिक्षण अर्धवट. तुमच्यात तरी कोण पुरतं शिकलंय म्हणा!

माझी मालकीण ओब्दुलिया रेकेना. सिनेमा कापणारी आणि जोडणारी बाई. नट पाठांतर विसरायचे, दिग्दर्शक दुपारी झोपायचे, तरी सिनेमा सिनेमासारखा दिसायचा तो हिच्या कात्रीमुळे. पडद्यावर मात्र हिचं नाव नाही. तिची म्हातारी आई दर सिनेमाला पहिल्या रांगेत बसायची, सूर्यफुलाच्या बिया सोलत सगळी नावं वाचायची आणि घरी येऊन विचारायची, "यात तू कुठं होतीस गं?"

कुठं असणार? माझ्या पोटात! निर्माते वालेरियानोसाहेब दर वेळी शेवटच्या दिवशी जिना उतरायचे.

"बाई, सिनेमा चार सेकंद लांबलाय. कापा कुठून तरी."

"कुठून कापू, साहेब?"

"तुमच्या नावापासूनच करा की सुरुवात. तुम्ही काय, घरचंच माणूस!"

मग बाई स्वतःच्या कात्रीनं स्वतःचंच नाव कापायची. मला अपचन व्हायचं.

त्यात फादर कांदिदो. सिनेमा लोकांना दाखवण्याआधी ते तपासायचे. काहीतरी कापल्याशिवाय त्यांना घास गोड लागत नसे. चुंबन सापडलं नाही तर पाळण्यातल्या बाळाचे उघडे पाय कापायचे. चांगली दृश्यं वाचावीत म्हणून बाईनं शक्कल लढवली. कुठल्याशा जत्रेत टिपलेलं, दात विचकून हसणारं एक गाढव तिनं सिनेमाच्या मधोमध जोडलं.

फादर खुर्चीतून उडाले. "हे गाढव धर्माला हसतंय! आधी काढा ते!"

गाढव काढलं. बाकी सगळं पास. फादर खुशीत बहिणीकडे हरभऱ्याचा रस्सा ओरपायला गेले. पुढच्या सिनेमात पुन्हा तेच गाढव, पुन्हा तोच संताप! आमचं बळीचं गाढवच ते. गाढवाचा तुकडा हरवू नये म्हणून बाईनं माझ्या पोटातलं आपलं एक कापलेलं नाव काढून त्या तुकड्याच्या शेपटीला जोडून ठेवलं. तीस सिनेमांत फादरना गाढव ओळखू आलं नाही. दोघांची ओळख करून द्यायला हवी होती.

एकतिसावा सिनेमा कोळ्याच्या विधवेचा. बाईनं तो असा जोडला, की शवपेटी उचलताच फादर हमसाहमशी रडले. रुमालात तोंड घातलं आणि नेमकं तेव्हाच गाढव आलं, हसलं, गेलं.

"एक इंचही कापायचं नाही!" फादरनी शिक्का मारला.

बाई पुढं सरसावली. "फादर, एकदा नीट बघा ना. एखादं जनावर बिनावर..."

"म्हणजे माझी नजर चुकली म्हणता?"

"छे हो, फादर!"

"मग झालं तर. शिक्का बसलाय. आता पोपमहाराज आले तरी कात्री लागायची नाही."

कबूल करावं तर नोकरी गेली. गप्प बसावं तर गाढव पडद्यावर. बाई गप्प बसली.

पहिल्या खेळाची हकिगत मला बाईनंच सांगितली. शवपेटी उचलली, गाढवानं दात विचकले आणि पाठोपाठ मोठ्या अक्षरांत झळकलं: ओब्दुलिया रेकेना.  वालेरियानोसाहेब खुर्चीखाली. तेवढ्यात माडीवरून एक बाई हुंदका देत ओरडली, "अगं बाई, मुकं जनावरसुद्धा रडतंय!" झालं! अख्खं थिएटर रडलं. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात छापून आलं: 'नवोदित ओब्दुलिया रेकेना हिचा अभिनय संयत. डोळे विशेष बोलके.'

साहेब धापा टाकत तळघरात आले. "पुढच्या सिनेमात ती नवी नटी हवीच! नाव सगळ्यांत आधी!"

"तीच येईल, साहेब," बाई म्हणाली. "पण तिचं नाव कधीच कापायचं नाही."

साहेबांनी छातीवर क्रूस काढून शपथ घेतली.

आता स्टुडिओ बंद झालाय. बाईनं मला घरी आणलं. पोटात लसूण असतो, तळाशी ते गाढव. तुमच्याकडे एवढंच मागणं: पडद्यावर नावं येत असताना बिया सोलू नका, वाचा. कोण कुठल्या वाटेनं तिथवर पोचलंय, सांगता येत नाही.

आणि पहिल्या खेळाच्या रात्री आईनं काय केलं, ते राहिलंच. तिनं लेकीच्या गालावरून हात फिरवला.

"शेवटी दिसलीस बाई," म्हातारी म्हणाली. "पण किती दमलेली दिसत होतीस! जरा खात जा."