तोफेच्या तोंडावरचे चार खड्डे

‘मार्गदर्शक श्री. चिमाजी मौले यांनी “अर्धदिवसीय ऐतिहासिक सागरकिनारा दर्शन” या सहलीदरम्यान, कोणतेही ऐतिहासिक महत्त्व नसलेल्या ठिकाणी बस बावन्न मिनिटे विनाकारण उभी करून प्रवाशांना सोळाव्या शतकातील वारशापासून वंचित ठेवले.’

मनोजशेठांनी हे वाक्य उभे राहून वाचले. आरोप बसून वाचला तर बसत नाही, अशी त्यांची समजूत असावी. समोरच्या प्लास्टिकच्या खुर्चीत आरोपी होता आणि त्याच्या शेजारी, साक्षीदार म्हणून पाचारण केलेला ड्रायव्हर सहादू चहातली माशी बोटाने काढत होता. नाशिकच्या बसस्थानकामागची ही खोली म्हणजे गतवैभव यात्रा कंपनीचे मुख्य कार्यालय. दुसरे कार्यालय नव्हते.

त्या वाक्यात बावन्न हा आकडा तेवढा खरा होता.

‘अर्धदिवसीय’ हा शब्द आधी घेऊ. बस नाशिकहून पहाटे पाचला सुटे, त्र्यंबक, जव्हार करत दहाला किनाऱ्यावर पोचे, तिनाला परत फिरे आणि रात्री आठनंतर प्रवाशांना स्टँडवर ओती. पंधरा तासांना अर्धा दिवस म्हणण्यासाठी जे गणित लागते ते मनोजशेठांनी सोडवले होते: बसमध्ये गेलेला वेळ कंपनी प्रवाशाच्या आयुष्यात धरत नसे.

आता ‘सागर’. छापील वेळापत्रकात नांदखाडीचा किल्ला होता (बारा मिनिटे, खिडकीतून), दीपगृह होते (सहा मिनिटे, लांबून), जुनी जकात चौकी होती (वळण घेताना). समुद्राला थांबा नव्हता. तो बसच्या डाव्या अंगाने अधूनमधून दिसे, आणि उजवीकडे बसलेल्यांनी तो डावीकडच्यांच्या चेहऱ्यांवरून ओळखायचा असे.

राहिला ‘वारसा’. मनोजशेठांच्या साडूंचे किनाऱ्यावर ‘खलाशी’ नावाचे जेवणघर होते. त्याच्या अंगणात, दगडी चौथऱ्यावर, एक काळी तोफ होती आणि तिच्याशेजारी पाटी: ‘पोर्तुगीज तोफ, १५६०.’ सहलीचे जेवण तिथेच असे, त्यामुळे तोफेला सव्वा तास मिळे. ज्या किल्ल्याने वेढे सोसले त्याला बारा मिनिटे आणि जिच्या मागे सुरमई तळली जाते तिला पंचाहत्तर. इतिहासाचे हे मूल्यमापन विद्यापीठांना अजून जमलेले नाही.

ही तोफ अकरा वर्षांपूर्वी सिन्नरच्या औद्योगिक वसाहतीमागे, कुंड्या, कारंजी आणि सिंहांच्या जोड्या ओतणाऱ्या एका आवारात सिमेंटची ओतली गेली होती. चिमाजीला हे पुराव्यानिशी ठाऊक होते. ती टेम्पोत घालून किनाऱ्यावर त्यानेच पोचवली होती.

चिमाजी तेव्हा कंपनीचा पडेल ते काम करणारा माणूस होता. तोफ पोचवली त्याच दिवशी जुन्या गाइडचा घसा बसला, आणि शेठ म्हणाले, “माइक घ्या काका, चार वाक्यं बोला.” त्या चार वाक्यांतून अकरा वर्षांचे चरितार्थाचे साधन झाले. वाचनालयातून पुस्तके आणून त्याने किल्ल्याच्या सनावळ्या पाठ केल्या. त्या अस्सल होत्या, पण बारा मिनिटांत मावत नसत. तोफेच्या तोंडावर चार खड्डे होते. त्यांच्यासाठी मात्र त्याने शत्रूच्या चार गोळ्या स्वतःच्या डोक्यातून झाडल्या. त्या फार लोकप्रिय झाल्या. लोक त्या खड्ड्यांत बोटे घालून फोटो काढत.

आता वय अठ्ठावन्न. माइक गेला तर देवळाली कॅम्पाच्या बाजारात धाकट्या भावाच्या गाळ्यावर झेंडूचे हार ओवायचे, एवढेच उरत होते. खरे तर हा झेंडू पोर्तुगीजांनीच या देशात आणला असे जाणकार सांगतात. म्हणजे मौल्यांच्या घरात त्या काळाची एक अस्सल खूण होतीच. पण तिला तिकीट नव्हते.

त्या रविवारी जव्हारच्या रस्त्यावर, हरसूलच्या बाजूची फुलाबाई भोये बसमध्ये चढली. सोबत तिची नात दिशा. दिशा नाशकात नर्स होती आणि पहिल्या पगारातून तिने आजीला समुद्र दाखवायचे ठरवले होते. फुलाबाई पुढच्याच सीटवर बसली, उजवीकडे. किल्ला झाला, दीपगृह झाले. चिमाजी माइकवर १५६० सालात शिरणार, एवढ्यात तिने त्याची बाही ओढली.

“दादा, दर्या कवा येनार?”

“आत्ताच गेला, मावशी. डाव्या हाताला.”

“आन आपुन?”

“आपण उजव्या हाताला बसलो होतो.”

बस हसली. फुलाबाईही हसली. दिशा मात्र हसली नाही. “काका, दोन मिनिटं थांबवा ना. तिकिटावर सागर लिहिलंय. आजीनं अजून पाण्याला पाय लावला नाहीये.”

अकरा वर्षांत हे कोणी मागितले नव्हते. चिमाजीने घड्याळ पाहिले, मग सहादूच्या पाठीवर थाप मारली.

एका बाईसाठी दार उघडले आणि एकतीस माणसे उतरली. फुलाबाईने लुगडे गुडघ्यापर्यंत खोचले आणि भाताच्या खाचरात शिरावे तशी ती पाण्यात शिरली. बोट बुडवून चाखले.

“खरंच खारं हाय गं! मला वाटलं, साळंतलं मास्तर थापा मारत्यात.”

बारा मिनिटे गेली. चिमाजी शिटी तोंडाशी नेत होता. फुलाबाई ओल्या पायांनी त्याच्यापाशी आली. तिच्या हातात कंपनीचे रंगीत पत्रक होते. त्यावर तोफेचे चित्र.

“दादा, एक इचारू? तुमी सिन्नरला टेम्पो घिऊन आलता का? लय वर्सं झाली.”

चिमाजीने शिटी खिशात टाकली.

“आमी तवा तिकडं मजुरीला व्हतो. शिंव्हांच्या जोडीबरूबर ही बी ओतली. सिमिट मी कालवलं. तुमी म्हनला, उचला, शेठला घाई हाय. मी म्हनलं, वली हाय आजून. तुमी कुठं आयकताय!” तिने उजव्या हाताची चार बोटे त्याच्यासमोर धरली. “ही रुतली तोंडाला. मुकादमानं मला आर्ध्या दिसाचा खाडा लावला, माल नासवला म्हनून.”

चिमाजीने त्या बोटांकडे पाहिले. ती किंचित वाकडी होती. खड्डेही किंचित वाकडे होते आणि त्याचे शास्त्रीय कारण तो माइकवर देत असे: गोळ्या वाऱ्यावर तिरप्या आल्या.

“मावशी,” तो म्हणाला, “हे तुम्ही कोणाला…”

“नाय हो! मी कशाला सांगू? माघारच्या शीटवरची ती बाई मागं बी यिऊन गेलीया, ती सांगत व्हती, तुमी त्या गोळ्यांचं लय झ्याक सांगता. सांगा तुमी. मी गप उबी ऱ्हाईन. आयकीन.”

तिने भांडण केले असते, तर चिमाजीला उत्तर होते. अकरा वर्षांत एका प्राध्यापकाला आणि दोन चौकस विद्यार्थ्यांना त्याने गप्प केले होते. पण ही बाई गप्प उभी राहणार होती. आपल्याच बोटांवर झाडलेल्या गोळ्यांची हकीकत ती कौतुकाने ऐकणार होती, आणि शेवटी बहुधा टाळ्याही वाजवणार होती.

तो वाळूत बसला. सहादूने तीनदा हॉर्न दिला.

“काका, सुरमई गार होईल!”

“होऊ दे.”

“साडूसाहेबांचा फोन येतोय!”

“वाजू दे.”

फुलाबाईने फडक्यातली नागलीची भाकरी सोडली आणि एक चतकोर त्याच्या हातावर ठेवला. पुढची चाळीस मिनिटे कोणी काही ऐतिहासिक केले नाही. मग सहादूने घड्याळ दाखवले. जव्हारचा घाट उजेडी गाठायचा हा नियम कंपनीचाच. ‘खलाशी’कडे वळायला वेळ उरला नव्हता. बस परत फिरली, एकतीस थाळ्या तिथेच गार झाल्या. प्रवाशांपैकी कोणीही तक्रार केली नाही. तक्रार केली ती साडूंनी, वारशाच्या वतीने.

“हे बघा काका,” मनोजशेठ आता बसले, म्हणजे औपचारिक भाग संपला. “मला तुम्हाला काढायचं नाहीये. साडूचं तोंड बंद करायचंय फक्त. लिहून द्या, टायर पंक्चर झाला. विषय संपला. रविवारी पुन्हा माइक तुमचा.”

“मागचं डावं लिहा,” सहादूने सुचवले. “ते तसंबी गेल्यालंच हाय.”

“सही करतोस ना तू?”

“पंक्चरवर? कवाबी!”

मनोजशेठांनी कोरा कागद पुढे सरकवला, पेनचे टोपणही काढून दिले. चिमाजीने पेन घेतले. इतके सोपे खोटे त्याला आजवर कोणी बोलायला सांगितले नव्हते. त्यात ना सनावळी, ना गोळ्या. नुसते एक चाक.

तो बराच वेळ लिहीत होता. पंक्चरला एवढी वाक्ये लागत नाहीत, हे शेठांच्या लक्षात यायला जरा उशीर झाला. कागद परत आला तेव्हा त्यांनी तो आधी मनात वाचला. मग सहादूने “काय लिवलंय?” म्हणून विचारल्यावर मोठ्याने वाचला. या वेळी बसूनच.

‘मी, चिमाजी सखाराम मौले, लिहून देतो की, टायर पंक्चर नव्हता. बस मी थांबवली. पहिली बारा मिनिटे फुलाबाई भोये यांना समुद्र बघायचा होता म्हणून. पुढची चाळीस मिनिटे मला तोफेपाशी जायचे नव्हते म्हणून. तोफ सिन्नरची आहे. मी स्वतः टेम्पोत घालून आणली. तोंडावरचे चार खड्डे फुलाबाईंच्या उजव्या हाताचे आहेत. तोफ ओली आहे असे त्यांनी सांगितले होते, मी ऐकले नाही. त्यांचा अर्ध्या दिवसाचा खाडा माझ्यामुळे झाला. अकरा वर्षे मी त्या बोटांना गोळ्या म्हणालो, हा गुन्हा मला कबूल आहे. तोफ हलवू नये. पाटीवर त्यांचे नाव घालावे.’