वॉलचे नाव असलेले पान

मित्रांनो, मी हिरव्या रंगाचा एक टाइपरायटर आहे. आता माझे वय झाले आहे, कळा गंजल्या आहेत. पण एके काळी मेलबर्नमधल्या एका छोट्या स्वयंपाकघरात मी दिवसभर खडखडत असे.

माझा मालक रसेल टेबट. त्याने मला एका लिलावात घेतले, तेव्हा तो रेडिओसाठी साबणाच्या जाहिराती लिहीत होता. पुढे टीव्हीवरच्या पोलीस मालिका आल्या. आम्ही दोघांनी मिळून किती चोर पकडले, याची गणतीच नाही. दर रविवारी तो मला ब्रशने साफ करी आणि थेंबभर तेल घाली. मला वाटे, असा मालक मिळायला भाग्य लागते.

मग शेजारच्या घरात वॉल डेम्पस्टर राहायला आला. शाळा त्याने दोनच वर्षे पाहिली होती. चाळीस वर्षे तो गावोगावच्या शेडमध्ये मेंढ्यांची लोकर कातरत फिरला होता. दुपारी तो आमच्याकडे चहाला येई आणि शेडमधल्या गोष्टी सांगे. रसेल त्या टाइप करी; त्यांतून त्याला एक चित्रपट लिहायचा होता.

“थांब, वॉल, थांब! बोटं मोडतील माझी.”

“एवढ्या वेळात माझ्या तीन मेंढ्या कातरून झाल्या असत्या, दोस्ता. आणि त्या तुझ्यापेक्षा कमी कुरकुरल्या असत्या!”

कुंपणापलीकडून त्याची बायको ईडी ओरडे, “रसेल, चढवू नकोस त्याला! जन्मभर ऐकतेय मी ही बडबड.”

वॉल हसला. पण नंतर हळूच म्हणाला, “पडद्यावर माझं नाव आलं ना, तर ही म्हातारी गप्प बसेल बघ.”

रसेलने लगेच कोरा कागद चढवला. वर चित्रपटाचे नाव, खाली दोन नावे. आधी वॉल डेम्पस्टर, मग रसेल टेबट. माझ्या आयुष्यातले ते सर्वांत सुंदर पान होते.

“सही कुठं करू?” वॉलने विचारले.

“दोस्तांमध्ये कागद कसला रे?” रसेल म्हणाला. दोघांनी हात मिळवले. त्यांच्याकडे हात मिळवला की झाले. त्यावर आणखी काही मागणे म्हणजे दोस्ताचा अपमान.

चित्रपट काढायचा म्हणून रसेल निर्माता झाला. पैसे घालणारे गृहस्थ एकदा घरी आले. पान बघून म्हणाले, “हा मेंढीवाला कोण? पोस्टरवर एकच नाव उठून दिसतं.” रसेलने त्यांच्या कपात आणखी चहा ओतला. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने नवा कागद चढवला आणि एकच नाव टाइप केले.

“वॉल मनाला लावून घेणार नाही,” तो स्वतःशीच म्हणाला. “दोस्त आहे तो.”

मित्रांनो, ते नाव गाळणारे पान माझ्याच कळांनी उमटवले. मला इतका जीव लावणाऱ्या माणसाने ते माझ्याकडून करून घेतले.

चित्रपट लागला. दुपारच्या खेळाला वॉल आणि ईडी ठेवणीतले कपडे घालून गेले. दुसऱ्या दिवशी वॉल आमच्या दारात उभा राहिला. आत आला नाही.

“छान झालाय चित्रपट, टेबटसाहेब.”

“साहेब काय म्हणतोस, वॉल?”

“शेडमध्ये आम्ही एकमेकांना नावानं हाक मारायचो. साहेब फक्त मालकाला म्हणायचो. काल शेवटपर्यंत बसलो आम्ही. झाडूवाला आला तरी. मेंढ्या वाहून नेणाऱ्याचं नाव होतं. कुत्र्याचंसुद्धा होतं.”

“आणि ईडी?”

“गप्प आहे, साहेब. कालपासून.”

त्यानंतर तो चहाला कधीच आला नाही. वर्षभरात त्यांचे घर रिकामे झाले. रसेलला बक्षिसे मिळाली, विजेवर चालणारे नवे यंत्र आले, आणि मी गवत कापायच्या यंत्राशेजारी पडून गंजलो. म्हातारपणी त्याने मला संग्रहालयाला देऊन टाकले. इथे माझ्यासमोर पाटी आहे : ‘रसेल टेबट यांनी आपला पहिला चित्रपट या यंत्रावर एकट्याने लिहिला.’ मुले ती मोठ्याने वाचतात आणि पुढे जातात.

मित्रांनो, जुन्या यंत्रांची धूळ पुसा, त्यांना तेल घाला. पण त्याहून मोठी विनंती अशी, की ज्याचे ऐकून तुम्ही लिहाल, त्याचे नाव कोणाच्याही सांगण्यावरून काढू नका. माझी शाईची फीत वाळून गेली आहे. कोणी नवी घातली, तर मला एकच नाव उमटवायचे आहे. आणि ते गाळायला पुन्हा कोणाची बोटे आली, तर या वेळी मी अडून बसेन.