चाळिसापासून उभे केलेले खांब

मी एक प्लॉटर, म्हणजे कागदावर पेनाने आलेख काढणारं यंत्र. बोलायची मला सवय नाही आणि आता उत्साहही नाही. पण वर्षानुवर्षं कपाटात पडून राहिलं की यंत्रालासुद्धा कंठ फुटतो.

१९८४ साली मला ओहायोतल्या यंग्सटाउनजवळच्या एका छोट्या कॉलेजात आणलं. पाच कॉम्प्युटर आणि त्या सगळ्यांत मिळून मी एकटा. बर्नाडेट हुडाक बाई तिथे 'बिझनेस ग्राफिक्स' शिकवायच्या, म्हणजे धंद्यातले आकडे चित्रातून कसे दाखवायचे ते. वर्गात बहुतेक पोक्त माणसं होती. पोलादाचे कारखाने बंद पडलेले, म्हणून नव्याने शिकायला आलेली. पेनांची टोपणं उघडी टाकायची आणि शाई वाळली की शिव्या मला घालायची.

त्यातला अर्ल प्रुइट मला आवडायचा. सव्वीस वर्षं कारखान्यात क्रेन चालवलेला माणूस. खालचे लोक क्रेनवाल्याला हातवारे करतात, तसे हा मला करायचा. बोट खाली दाखवून म्हणायचा, "हळू राजा, टेकव आता." सगळे हसायचे. पण सगळ्यांत नेटके आलेख त्याचेच असत.

बाईंचा एकच हट्ट होता. "आलेखातला खांब शून्यापासून सुरू करायचा. पाय कापलात तर तो खोटं बोलायला लागतो." रोज तेच. मलासुद्धा पाठ झालं होतं.

पुढच्या मार्चमध्ये एका दुपारी कॉलेजचे डीन व्हिटलॉक वर्गात आले. मंगळवारी विश्वस्तांची बैठक होती आणि हा वर्ग चालू ठेवायचा की बंद करायचा ते तिथे ठरणार होतं. आदल्या वर्षी इथे शिकलेल्या शंभरातल्या एकेचाळीस जणांना नोकरी लागली होती, यंदा चव्वेचाळीस जणांना. बाईंनी काढलेले दोन्ही खांब जवळजवळ सारखेच दिसत होते.

"बर्नाडेट, हे बघून त्यांना झोप येईल," डीन म्हणाले. "चाळिसापासून सुरू कर की."

"ते बरोबर नाही, सर."

"आकडे खरेच आहेत ना? मग झालं तर. की वर्गाला कुलूप लावू?"

डीन गेले. बाईंनी कॉम्प्युटरच्या पडद्यावर शून्याच्या जागी चाळीस टाकलं, पुसलं, पुन्हा टाकलं. अर्लच्या अभ्यासक्रमाचे आठ आठवडे उरले होते. प्रमाणपत्र मिळालं तर एका विमा कंपनीत त्याची जागा पक्की होती. वर्ग बंद पडला तर पुन्हा घरीच. शेवटी त्यांनी अर्ललाच हाक मारली, कारण बैठकीत प्रोजेक्टरवर लावायच्या पारदर्शक फिल्मवर शाई न फासता काम त्यालाच जमायचं.

त्याने पडदा पाहिला. "मिसेस हुडाक, हा चाळिसापासून निघालाय."

"माहीत आहे मला. तुम्ही पेन लावा."

त्याने पेन लावलं. त्या दिवशी त्याने हातवारे केले नाहीत. मी खांब भरत राहिलो. तीन माणसांच्या फरकासाठी दुसरा खांब पहिल्याच्या चौपट उंच झाला. वर-खाली जाताना अंग आंबून गेलं, पण ते दुखणं निराळंच होतं.

विश्वस्तांनी म्हणे टाळ्या वाजवल्या. वर्ग वाचला. अर्लला नोकरी लागली.

सहा वर्षांनी नवे प्रिंटर आले आणि माझी रवानगी कपाटात झाली. काल बाई निवृत्त झाल्या. अर्ल बायकोच्या हातचा अक्रोडाचं सारण भरलेला गोड रोल घेऊन भेटायला आला होता. कपाट उघडंच होतं.

"ऑफिसात माझी टिंगल करतात हो," तो म्हणाला. "म्हणतात, प्रुइटचे खांब सगळे बुटके. पण मी शून्य सोडत नाही. तुमचीच शिकवण."

बाईंनी हातातली बशी खाली ठेवली. "अर्ल, त्या मंगळवारनंतर मी ते कुणालाच शिकवलं नाही. कुठल्या तोंडाने शिकवणार?"

तो बाईंच्या खांद्यावर हात ठेवून तसाच उभा राहिला.

त्या सहा वर्षांतल्या पोरांचे खांबही मीच काढले, कुठूनही सुरू होणारे. ती पोरं आता कुठल्या कुठल्या ऑफिसांत बसली असतील. सोमवारी मला भंगारात काढणार आहेत. काढा, मी थकलोय. पण तुम्हाला कुणी असा खांब काढायला सांगितलं, तर एवढं लक्षात ठेवा, की मला नाही म्हणता येत नव्हतं. तुम्हाला येतं.