पिवळ्या चिंधीचा गठ्ठा

"मावशी, कटर ठेव खाली."

अंजनी दारातच थबकली होती. राजाबाईने मान वर केली नाही. मांडीवर जीन्स, मुठीत उघडमीट करणारं धागे कापायचं कटर, आणि शिरगावच्या त्या खोलीभर कापलेल्या धाग्यांचा कचरा.

"झालंच. शेवटच्या दोन राहिल्यात. तू चहा टाक."

अंजनीने चहा टाकला नाही. भिंतीला टेकून ती खाली बसली. उद्या मुंबईच्या आर्ट गॅलरीत हाच गठ्ठा मांडायचा होता. शिलाईचे धागे लोंबणाऱ्या चाळीस जीन्स. सहा वर्षांपूर्वी तिची आई विठा कॅम्प दोनमधल्या जीन्सच्या कारखान्यातून हा माल घरी धागे कापायला घेऊन आली आणि त्याच आठवड्यात वारली. शेटने ना चौकशी केली, ना मालासाठी माणूस पाठवला. अंजनीने गठ्ठा जिवापाड जपला. भिंतीवर धागे कापणाऱ्या आईच्या हातांचा व्हिडिओ, खाली हा गठ्ठा, आणि शेजारी कटर घेऊन सहा तास बसलेली अंजनी, एकही धागा न कापता. असं ते काम होतं. दोन वर्षं ती त्याच्यामागे होती. खोलीची एक चावी मात्र आईच्या जोडीने धागे कापणाऱ्या राजाबाईकडे, आई होती तेव्हापासूनच.

"तुला कापायला सांगितलं कुणी?"

"सांगायला कशाला पायजे? उद्या माल जाणार, तूच बोललीस ना."

"माल नाही गं तो. प्रदर्शन आहे."

"असू दे. चार लोक बघणार ना? लोंबते धागे दाखवणार होतीस त्यांना? आम्ही इतकी वर्षं सोबत कापलं. तुझ्या आईचा एक नग कधी परत आला नाय. माझे आले. शेट माझा गठ्ठा सोडून बघायचा. तिची चिंधी दिसली की तसाच आत टाकायचा."

कापणाऱ्या प्रत्येक बाईची चिंधी वेगळ्या रंगाची. गठ्ठ्याला ती बांधली की काम कुणाचं ते कळायचं. राजाबाईची लाल, विठाची पिवळी. राजाबाईने शेवटच्या जीन्सची घडी घातली, चवड सारखी केली आणि गुडघा दाबून गठ्ठा बांधला. पिवळ्या चिंधीने.

"गेलेल्या बाईच्या नावावर अर्धं काम ठेवतात व्हय गं?" ती म्हणाली.

अंजनी बाहेर गेली आणि प्रदर्शन भरवणाऱ्या सोनियाला फोन लावला.

"टेन्शन नको घेऊ," सोनिया म्हणाली. "मार्केटमधून दुसरा लॉट उचल, धागेवाला. किसको पता चलेगा?"

"मला."

"अंजनी, पूरा काम त्या धाग्यांवर आहे. कॅटलॉगमध्ये छापलंय, 'एका श्रमिक स्त्रीचं अर्धवट राहिलेलं आयुष्य'."

ते वाक्य अंजनीनेच लिहून दिलं होतं. लिहिताना ते तिला फार आवडलं होतं. आता ऐकताना स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटली. आई अर्धवट राहिली म्हणून मिरवायला निघालेली ती, आणि काम अर्धवट राहिलं म्हणून सकाळपासून पाठ मोडून बसलेली ही बाई. आत जाऊन हिच्यावर ओरडायचं?

"आहे तसाच आणते," ती म्हणाली.

"मग लोकांनी बघायचं काय?"

अंजनीने फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी गॅलरीत तो साफ गठ्ठा होता. पाटीवर एकच ओळ होती, 'काम: विठा आणि राजाबाई'. अंजनी रिकामे हात मांडीवर ठेवून बसली. लोक यायचे, गठ्ठ्याभोवती फेरी मारायचे, कॅटलॉग उघडून धागे शोधायचे आणि शेजारच्या दालनात निघून जायचे.

दुपारी राजाबाई आली. इस्त्रीची साडी, हातात चपला. दाराशीच काढल्या होत्या, पण ठेवायच्या कुठे ते कळलं नव्हतं. भिंतीवर विठाचे हात चालत होते. ती बराच वेळ बघत राहिली. मग सरळ येऊन अंजनीच्या बाजूला बसली. तिला कुणी अडवलं नाही.

"काय करायचं?" तिने हळूच विचारलं.

"काही नाही. नुसतं बसायचं."

"नुसतं?"

"हो."

राजाबाईने हात मांडीवर ठेवले. थोड्या वेळाने अंजनीचं लक्ष गेलं. मावशीची उजवी मूठ पदराखाली उघडत होती, मिटत होती. भिंतीवरच्या हातांच्या चालीवर.

अंजनीने तिचा पदर त्या मुठीवर जरा सारखा केला.